बोगद्यातला वाक

४ नोव्हेंबर

अक्का,

तुझ्या धाकट्या मावसभावाचा नमस्कार. पाकिटावरचं अक्षर पाहून आधी दचकली असशील. आपल्या दोन घरांत पत्र आलं म्हणजे एक तर कोणाचं लग्न, नाही तर कोणीतरी गेलं. या वेळी दोन्ही नाही. इकडे सगळे ठणठणीत आहेत. मीही आहे, फक्त माझ्या डाव्या कानाने हल्ली वेगळं बिऱ्हाड केलंय.

लिहायचं कारण बोगदा.

आमचं जुनं स्टेशन तुला आठवत असेल. नवी दुहेरी लाइन आतल्या बाजूने गेली, तेव्हापासून ते बंद होतं. तिकीटघराच्या खिडकीत कबुतरं बसायची आणि आत-बाहेर करताना अगदी कारकुनाच्या तोऱ्यात मान वळवायची. आता रेल्वेने तिथे संग्रहालय करायला घेतलंय. त्यासाठी एक तरुण बाई नेमल्या आहेत, भारी चौकस. मी संध्याकाळी फिरायला म्हणून निघतो आणि त्यांच्यापुढे जाऊन बसतो. या किनाऱ्याला रेल्वे एवढ्या उशिरा का आली, असं त्या येईल त्याला विचारतात. मी म्हटलं, बाई, इथे सपाट जागा कुठे होती? डोंगर समुद्रात पाय सोडून बसलेला आणि प्रत्येक दोन डोंगरांच्या मधे एक खाडी. पूल संपला की बोगदा, बोगदा संपला की पूल. पहिल्यांदा मोजणीला आले ते लोक नकाशा गुंडाळून 'इथे बोटच बरी' म्हणून परत गेले. आमच्या चौथीच्या पुस्तकातल्या कवितांत नद्या कशा मंजुळ गात समुद्राला मिळायच्या. इथल्या नद्या धडपडत, ठेचा खात मिळतात. मुलांना त्या कविता शिकवताना मला नेहमी वाटायचं, कवी इकडे कधी आलाच नसावा.

तर परवा बाईंनी मला आपल्या बोगद्याची प्रतिकृती दाखवली. लाकडी डोंगर मधोमध चिरलेला, आत बोटभर बोगदा आणि बरोबर मध्यावर समुद्राच्या बाजूला गेलेला तो वाक. मी कितीतरी वेळ पाहत उभा राहिलो. लहानपणी त्या वाकापाशी गाडी हळू व्हायची, शिट्टी द्यायची, आणि मी डब्यातल्या अनोळखी माणसांना सांगायचो, 'इथे माझे बाबा आणि मोठे काका भेटले.'

मग प्रतिकृतीखालचा मजकूर वाचला. 'दक्षिणेकडून खोदणाऱ्या तुकडीच्या मोजणीतील चुकीमुळे बोगद्यास वाक आला.'

दक्षिणेचे मोजणीदार माझे बाबा, उत्तरेचे तुझे. दोन सख्ख्या बहिणींचे नवरे, एका डोंगराच्या दोन अंगांना. म्हणजे चूक कोणाची, हे त्या वाक्यात नाव न घेता लिहिलंय. बाई म्हणाल्या, एका जुन्या माहितीपुस्तिकेतून घेतलंय, पुरावा आणा, बदलते. जानेवारीअखेर उद्घाटन आहे. फलक पितळेचा आहे, अक्का. कागदावरचं खोडता येतं, पितळेतलं वाक्य माझ्या मागे तिथेच राहील आणि माझी नातवंडं ते वाचतील.

तेव्हा तू बाईंना दोन ओळी लिहून पाठव, की चूक उत्तरेकडची होती. आपल्या दोन्ही घरांना ते माहीतच आहे. तू लिहिलंस तर त्याला वजन येईल.

तुझा,
कविराज (हे नाव तूच ठेवलंस, आता वापरायला लाजू नकोस)


१२ नोव्हेंबर

कविराजास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. चार पानं. त्यात तीन पानं डोंगर, नद्या आणि कबुतरं, आणि शेवटच्या पानावर माझ्या वडिलांची अब्रू. 'दोन्ही घरांना ते माहीतच आहे' हे वाचलं तेव्हा मी चहा पीत होते. असा ठसका लागला की लेक स्वयंपाकघरातून धावत आली. तिला पत्र वाचून दाखवलं तर ती म्हणते, 'मामा गोड लिहितो.' गोड लिहितो म्हणे. गोड बोलून गळ्यावर सुरी कशी ठेवायची ते तुझ्याकडून शिकावं.

आमच्या घराला जे माहीत आहे ते ऐक. उत्तरेची बाजू बरोबर होती. तुमची भरकटली. माझ्या वडिलांच्या ते लक्षात आलं आणि त्यांनी कसंबसं सांभाळून घेतलं, म्हणून दोन्ही भोकं एकमेकांना भेटली तरी. नाहीतर तुझे बाबा थेट समुद्रात निघाले असते आणि गाडीऐवजी मासे घरी आले असते. आणि एवढं करून माझ्या वडिलांनी कधी कोणाला बोल लावला नाही. कोणी वाकाबद्दल विचारलं की एकच उत्तर, 'चूक माझी.' आई चिडायची. म्हणायची, 'धाकटीच्या नवऱ्यावर किती दिवस पांघरूण घालणार आहात?' ते हसायचे आणि पाणी प्यायला उठायचे.

माझा जन्म शिवणकामात गेला. सरळ टीप आणि वाकडी टीप मला डोळे मिटून बोटाने कळते. मी कोणाला खोटं लिहून देणार नाही. तुझ्या त्या बाईंना सांग, पुस्तिकेत बरोबर छापलंय.

कानाला दाखव. वेगळं बिऱ्हाड बिऱ्हाड म्हणत बसू नकोस.

अक्का


२० नोव्हेंबर

अक्का,

तुझं पत्र तीनदा वाचलं. पहिल्यांदा रागाने, दुसऱ्यांदा तुझ्या माशांवर हसत, आणि तिसऱ्यांदा एका वाक्यापाशी जो अडकलो तो अजून तिथेच आहे.

तुझे वडील 'चूक माझी' म्हणायचे?

अगं, माझे बाबा तेच म्हणायचे. अगदी हेच दोन शब्द. आणि माझी आई कपाळाला हात लावून म्हणायची, 'थोरलीच्या नवऱ्यासाठी स्वतःला किती कमीपणा घ्याल?' आम्हा भावंडांना लहानपणापासून पक्कं ठाऊक होतं, की चूक मोठ्या काकांची आणि बाबा मनाने इतके थोर की ती अंगावर घेतात. तुमच्या घरात नेमकं हेच, फक्त उलट्या बाजूने? मग एवढी वर्षं लग्नकार्यात आपण एका पंगतीला बसलो, एकमेकांना आग्रह केला आणि मनातून दोघंही एकमेकांना माफ करत होतो म्हण की.

मला आता भांडायचं सुचत नाही, मला हे कळायला हवंय. दोघांपैकी एक खरंच चुकला असणार आणि एक उगाच पदरात घेत असणार. कोण कोणता, ते त्या दोघांनी सांगितलं नाही. पण बोगदा सांगेल.

बाबांनी मला एक गोष्ट शिकवली होती. सुरुंगासाठी दगडात भोकं पाडतात ती खोदणाऱ्याच्या पुढच्या दिशेने जातात. स्फोट झाला की भोकाची एक बाजू उडते आणि दुसरी भिंतीवर पन्हळीसारखी उरते. पन्हळीचं बंद टोक ज्या दिशेला, त्या दिशेला माणसं खोदत चाललेली. म्हणजे आमच्या तोंडातून आत जात राहिलं, की कुठेतरी पन्हळी एकदम उलट्या तोंडाच्या दिसू लागतील. तिथे दोघांची गाठ पडली. त्या जागेच्या अलीकडे बोगदा वळलेला असला तर चूक आमची. पलीकडे वळलेला असला तर तुमची.

रूळ काढून तिथे आता पायवाट केली आहे, दिवे आहेत, शाळेची मुलं जातात. तू तुझ्या तोंडाने जा, मी माझ्या. आपापली बाजू पाहू. जे दिसेल ते लिहायचं. माझा बाबांवर विश्वास आहे, तुझा तुझ्या वडिलांवर. मग घाबरायचं कशाला?

कविराज

ता. क. कानाला दाखवलं. डॉक्टर म्हणाले, वयोमान. एवढं मलाही सांगता आलं असतं.


२९ नोव्हेंबर

कविराज,

काल लेकीबरोबर जाऊन आले. आमची बाजू सरळ आहे.

गुडघा दुखतोय म्हणून जास्त लिहीत नाही. तुझं काय झालं? तुझ्या बाजूला निसरडं असेल तर उगाच जाऊ नकोस. नाही पाहिलंस तरी काही बिघडत नाही. असलं काही या वयात कशाला उकरायचं, असंही मला वाटतं.

थंडी आहे, छातीला जप.

अक्का


७ डिसेंबर

अक्का,

तुझं पत्र मिळालं. तुमची बाजू सरळ आहे हे वाचून बरं वाटलं. मोठे काका होतेच तसे. त्यांच्या धोतराची निरीसुद्धा कधी तिरकी पाहिली नाही मी.

मीही जाऊन आलो, सूनबाई बरोबर होती. किती सुंदर जागा आहे, तुला सांगतो. तोंडाशी नेचे वाढलेत. आत शिरल्यावर बाहेरचा समुद्र हळूहळू ऐकू येईनासा होतो आणि मग नुसती आपली पावलं. मध्याच्या जवळपास डोंगराकडच्या भिंतीतून पाणी झिरपतं, सगळा दगड तिथे काळा, मऊ, ओलसर. दिव्याच्या उजेडात तो चमकतो. मी शाळेत मुलांकडून पाठ करून घ्यायचो ती एक कविता तिथे मोठ्याने म्हणून पाहिली. प्रत्येक ओळीचा शेवटचा शब्द बोगदा परत म्हणायचा, आणि तोही समुद्राकडच्या भिंतीतून. डोंगराकडची भिंत मात्र ढिम्म, मागच्या बाकावरच्या मुलासारखी. सूनबाई म्हणाली, 'बाबा, लोक बघतायत.' लोक म्हणजे एक पाठीवर पिशवी घेतलेला मुलगा होता. त्याने टाळ्या वाजवल्या.

त्या वाटेने पूर्वी काय काय गेलं असेल. आंब्याच्या करंड्या, सैनिक, नवऱ्या मुली, पहिल्यांदा नोकरीला निघालेली माणसं. बोट बंद असण्याच्या दिवसांत याच एका भोकातून आख्खा किनारा श्वास घ्यायचा.

पन्हळींचं म्हणशील तर, पाय भरून आले, त्यामुळे फार आत गेलो नाही. पुन्हा कधीतरी बघू.

कविराज


१५ डिसेंबर

अक्का,

तुझ्या उत्तराची वाट न पाहता लिहितोय, कारण आठ दिवस मला जेवण गोड लागलेलं नाही.

मागच्या पत्रात मी थाप मारली. पाय भरून आले नव्हते. मी थेट मध्यापर्यंत गेलो होतो. पन्हळी उलटतात ती जागाही सापडली, सूनबाईने तिथे खडूने खूण केली. आणि त्या खुणेच्या बऱ्याच अलीकडे, आमच्या बाजूला, बोगदा समुद्राकडे वळायला लागतो. मागे वळून पाहिलं तर आमच्या तोंडाचा उजेड दिसेनासा झाला होता. बाबांच्या खोदकामात, अक्का. संशयाला जागा नाही.

तू खरं लिहिलंस आणि मी कविता लिहिली.

आज बाईंना पत्र टाकलंय, की फलकावरचं वाक्य बरोबर आहे, मी मोजणीदाराचा मुलगा, मी स्वतः पाहून आलो, तसंच राहू द्या. लिहिताना एक लक्षात आलं. बाबा खरंच चुकले होते आणि 'चूक माझी' म्हणत होते तेव्हा खरं तेच सांगत होते; आम्हीच त्यांना थोर करून ठेवलं आणि त्यांचं ऐकलं नाही. या विचाराने मला त्यांची फार कीव आली. एवढ्या वेळा सांगूनही घरातलं कोणी विश्वास ठेवत नाही म्हणजे काय एकटेपण असेल.

मोठ्या काकांबद्दल मी इतकी वर्षं जे मनात धरलं त्याची माफी माग असं तू म्हणणार नाहीस, म्हणून आपणहून मागतो.

कविराज


१५ डिसेंबर

कविराजा,

तुझं ७ तारखेचं पत्र वाचलं. इतकं लांब, इतकं सुंदर आणि पन्हळींचं एका ओळीत. मला वाटलं, याने पाहिलं, याची बाजू सरळ निघाली, आणि मला वाईट वाटू नये म्हणून हा नेचे आणि पिशवीवाला मुलगा सांगत बसलाय. असा कळवळा मला सहन होत नाही. म्हणून जे आहे ते सांगते.

आमची बाजू सरळ नाही.

मी बोगद्यात शिरले आणि थोडं चालल्यावर लेकीच्या आधी मला कळलं. कापड कातरताना कात्री किंचित फिरली की हाताला कळतं, तसं. जिथे भिंतीतून पाणी येतं त्याच्या आधीच भिंत समुद्राकडे जायला लागते. पन्हळी तिथे आमच्याच दिशेच्या होत्या. लेक म्हणाली, 'आई, मामाला काय लिहायचं?' मी म्हटलं, सरळ आहे म्हणून लिही. ती म्हणाली, 'तूच लिही.' मग मी लिहिलं. पाच ओळींच्या पुढे हात चालेना.

आता जे तुला कधीच सांगितलं नाही ते. मी तेव्हा तुझ्याहून मोठी, शाळेत जायला लागलेली. आमचं बिऱ्हाड बोगद्याच्या तोंडाशी पत्र्याच्या खोलीत. सुट्टीच्या दिवशी दोन्हीकडची कामं बंद असायची आणि ठरलेल्या वेळी एका बाजूने दगडावर घण मारायचा, दुसऱ्या बाजूने ऐकायचं. वडील पहारेचं एक टोक दगडाला लावायचे, दुसरं कानाला. एका सुट्टीला ते ऐकून आले ते गप्पच. जेवताना आईने विचारलं, 'काय झालं?'

'त्यांचा आवाज समुद्राच्या अंगाने येतोय. साडू तिकडे सरकलेत.'

'मग कळवा त्यांना.'

'कळवायचं म्हणजे कागद साहेबाच्या हातातून जाणार. त्यांची नोकरी राहील का?'

'मी धाकटीला घरचं पत्र लिहू?'

'आणि काय लिहिशील? माझ्या नवऱ्याने तुझ्या नवऱ्याची चूक काढली? साडू आहेत ते. नको. मीच थोडा वळतो. भेट झाली म्हणजे झालं. विचारलं तर माझी चूक म्हणेन.'

हे मी माझ्या कानांनी ऐकलंय. म्हणून आयुष्यभर छाती काढून सांगत आले, की चूक तुमची आणि मोठेपणा आमचा. पण कविराज, तुझी बाजू जर सरळ आहे तर तुझे बाबा कुठे सरकलेच नव्हते. माझ्या वडिलांनी चुकीचं ऐकलं आणि नीट चाललेली लाइन वाकडी केली. मी तुझ्या बाईंना तसं लिहून पाठवलंय, आजच्याच टपालाने. चूक उत्तरेची, सही केली.

तुझ्या बाबांना मी काका म्हणून कधी नीट हाक मारली नाही. ते आले की मी आत निघून जायचे. ते आठवून चैन पडत नाही.

अक्का


२२ डिसेंबर

आदरणीय आजोबा व आजी,

दोघांना एकच पत्र पाठवते आहे, याबद्दल क्षमस्व. पण माझ्यापुढे दुसरा इलाज नाही.

मागच्या आठवड्यात एकाच दिवशी मला दोन पत्रं आली. आजोबा लिहितात, चूक नक्की दक्षिणेची, मी मुलगा आहे. आजी लिहितात, चूक नक्की उत्तरेची, मी मुलगी आहे. दोघांनीही जागेवर जाऊन पाहिलंय आणि दोघंही आपल्याच वडिलांविरुद्ध साक्ष देताहेत. असा वाद मिटवायला मला कोणी शिकवलेलं नाही.

म्हणून मी मोजणी विभागातून यंत्र मागवून बोगदा दोन्ही तोंडांपासून मोजून घेतला. निकाल असा: वाक दोन्ही बाजूंनी आहे, जवळजवळ सारखा. पण वाक सुरू होण्याआधीचे दक्षिणेचे आणि उत्तरेचे सरळ भाग एकाच रेषेत आहेत. ती रेष तशीच पुढे नेली असती तर दोन्ही तुकड्या समोरासमोर आल्या असत्या. म्हणजे मोजणीत कोणाचीच चूक नव्हती.

मग दोघेही वळले का, आणि एकाच बाजूला का, हे मला कळत नाही. तुम्हा दोघांपैकी कोणाला कळत असेल तर कृपया सांगा. पितळेवाल्याला मी थांबवून ठेवलंय आणि तो रोज फोन करतो.

आपली नम्र,
संग्रहालयाची बाई (आजोबा असंच म्हणतात, मलाही आता सवय झाली)


५ जानेवारी

अक्का,

कळलं. मला कळलं असं वाटतंय, तू तपासून बघ.

तुझं पत्र आणि बाईंचं पत्र मी समोरासमोर ठेवली आणि कवितेतलं कडवं न लागणाऱ्या मुलासारखा बघत बसलो. तुझे वडील समुद्राच्या अंगाने आवाज आला म्हणून समुद्राकडे वळले. मग माझे बाबा का वळले? आईने कधी सांगितलं नाही, कदाचित तिलाही माहीत नसेल. पण तू लिहिलेलं ते जेवतानाचं बोलणं मी पुन्हा पुन्हा वाचलं आणि प्रत्येक वेळी तुझ्या वडिलांच्या जागी मला माझे बाबा ऐकू यायला लागले. शब्दसुद्धा बदलावा लागत नव्हता. मग मला तो बोगद्याचा प्रतिध्वनी आठवला, जो एकाच भिंतीतून येत होता.

बाईंना म्हटलं, एक पहार आणि एक घण मिळवा. काल दुपारी आम्ही तिघं गेलो. पाणी झिरपतं त्या जागेच्या पलीकडे, तुमच्या बाजूला, बाई उभ्या राहिल्या आणि मधोमध, पायाखालच्या दगडावर घण मारू लागल्या. अलीकडे मी. पहार डोंगराकडच्या भिंतीला लावली. जवळजवळ काही नाही, उशीतून यावा तसा आवाज. समुद्राकडच्या भिंतीला लावली, तर कानाशी कोणीतरी दार ठोठावतंय. डावा कान बंद करायची गरज पडली नाही, तो बंदच असतो. माझ्या एका कानावर कोण विश्वास ठेवणार, म्हणून सूनबाईला ऐकवलं. तिलाही तसंच. मग आम्ही जागा बदलल्या. मी तुमच्या बाजूला, घण आमच्या बाजूला. अक्का, आवाज पुन्हा समुद्राकडूनच.

बाई म्हणाल्या, मधे डोंगराच्या अंगाला तो मऊ, पाणथळ थर आहे, तो आवाज गिळून टाकतो. समुद्राच्या अंगाला दगड कडक, तो आवाज पोचवतो. म्हणजे दोघांनाही वाटलं, समोरचा समुद्राकडे सरकलाय. दोघांनीही मोजणीच्या दुर्बिणीवरचा भरवसा सोडून कानावर भरवसा ठेवला. दोघांनीही विचारलं नाही, आणि दोघांनीही समोरच्याची नोकरी वाचावी म्हणून आपली सरळ वाट मोडली.

आणि गंमत बघ. दोघेही वळले नसते तर भेटले असते. दोघेही वळले म्हणून भेटले. एकटाच कोणी वळला असता, तर डोंगराच्या पोटात दोघं एकमेकांच्या शेजारून निघून गेले असते.

मग वाकापाशी जरा बसलो. दोघांची पहिल्यांदा नजरानजर झाली असेल ती याच जागी. भोक पडलं असेल, पलीकडून दिवा दिसला असेल, आणि दोघांनाही त्याच क्षणी कळलं असेल की समोरचा माणूस सरकलेला नाही, तो आपल्यासाठी वळून आलाय. मग साहेबाने विचारलं असेल आणि दोघांच्या तोंडून एकदम निघालं असेल, 'चूक माझी.' हे मी रचतोय, मला मान्य आहे. पण याहून वेगळं काही रचता येत नाही.

पुस्तिका लिहिणाऱ्याने दोघांपैकी एकाचं ऐकलं असेल, एवढंच.

बाईंनी नवा मजकूर मलाच लिहायला सांगितला. पहिला खर्डा पद्यात होता, तो त्यांनी हसून परत केला. आता असा आहे:

'या बोगद्याची मोजणी दोन्ही बाजूंनी अचूक होती. समोरच्याचे चुकले आहे असे वाटून, त्याला कमीपणा येऊ नये म्हणून, दोन्ही मोजणीदार आपापली वाट सोडून एकमेकांकडे वळले. हा वाक दोघांचा आहे.'

तुझ्या संमतीशिवाय पितळेत जाणार नाही. आणि आणखी एक. उद्घाटनाला तू यावंस असं फार वाटतं, पण तुझा गुडघा. तेव्हा मी तिकडे आलो तर चालेल का? की तुला त्रास होईल? की मधे कुठे भेटू या? तुला सोयीचं असेल तसं. मी काय, कसाही.

कविराज


१२ जानेवारी

कविराजा,

पत्र लेकीने मोठ्याने वाचलं. तू रचलेल्या भागापाशी ती थांबली, म्हणून पुढचं मी वाचलं.

मजकूर बरा आहे. पण 'मोजणीदार' खोड आणि 'साडू' लिही. नाहीतर वाचणारा म्हणेल, दोन शहाणी माणसं, मधे एक डोंगर, एकमेकांना विचारलं का नाही? साडू म्हटलं की कोणाला काही समजावून सांगावं लागणार नाही. बाई नको म्हणाल्या तर त्यांना म्हणावं, आजी सही देणार नाही. पुस्तिकेतलं वाक्य गेलं, माझं वाक्य गेलं, तुझंही गेलं. तुझी नातवंडं आता वाचू देत खुशाल.

आता तुझ्या त्या शेवटच्या ओळींबद्दल. 'तुला सोयीचं असेल तसं, मी कसाही.' हे वाचून मला घाम फुटला. आता मी लिहायचं, नको, तूच सांग. तू लिहायचं, नको अक्का, तू म्हणशील तसं. मग तू माझ्या गुडघ्याची काळजी करून निघणार नाहीस, मी तुझ्या छातीची काळजी करून बोलावणार नाही, आणि दोघंही इतके समजूतदार की एक दिवस कोणीतरी घरी पत्र पाठवेल. कसलं ते तुला माहीत आहे.

म्हणून स्वच्छ लिहिते. उद्घाटनाला मी येणार नाही. ते झालं की दुसऱ्या दिवशी तू ये. सकाळच्या उन्हात निघ, सूनबाईला घे, बोगद्यातून चालत ये. वाकापाशी थांबून माझी वाट बघू नकोस, मी तिथवर येणार नाही. आमच्या तोंडाशी, उजेडात, खुर्ची टाकून बसणार आहे आणि जागची हलणार नाही. तुला कितीही वाटलं, की अक्का आत यायला निघाली असेल, तरी ती निघालेली नाही असं समज आणि सरळ चालत राहा.

अक्का